प्रयोगाची शाळा

'प्रयोग' हा शब्द आपण दोन ठिकाणी ऐकतो. विज्ञानाच्या तासाला गुरुजी परीक्षानळीत दोन द्रव्ये एकत्र करून दाखवितात, तो प्रयोग. आणि पडदा वर जाऊन रंगमंचावर नाटक सुरू होते, तोही प्रयोगच. एकाच शब्दाला हे दोन अर्थ कसे लाभले, असा प्रश्न तुम्हांला कधी पडला आहे काय? थोडा विचार केला म्हणजे ध्यानात येते की, या दोहोंत एक मोठे साम्य आहे. दोन्ही ठिकाणी काहीतरी प्रत्यक्ष करून पाहावयाचे असते. नाटक नुसते पुस्तकात मिटून राहिले, तर ते पुरते नाटक होत नाही. माणसांनी माणसांसमोर ते करून दाखवावे लागते.

परंतु या दोन प्रयोगांत एक भेदही आहे. खरा संशोधक प्रयोगास हात घालतो, तेव्हा त्याचे फळ काय निघेल हे त्यास अगोदर ठाऊक नसते. नाटकमंडळींना मात्र प्रेक्षक कोठे हसतील आणि कोठे टाळी देतील, हे पुष्कळदा पाठच झालेले असते. काही कलावंतांनी हा भेदही पुसून टाकावयाचे ठरविले. फळाची खात्री नसताना त्यांनी नाटके करून पाहिली. त्यांच्या या रंगभूमीस 'प्रायोगिक रंगभूमी' असे नाव पडले. या रंगभूमीसाठी आपले उभे आयुष्य वेचणाऱ्या एका अभिनेत्रीची, श्रीमती सुलभा देशपांडे यांची, ओळख या पाठात आपण करून घेणार आहोत.

त्यांचे कार्य समजण्यासाठी थोडे मागे वळून पाहिले पाहिजे. दिनांक ५ नोव्हेंबर १८४३ रोजी सांगली येथे विष्णुदास भावे यांनी 'सीतास्वयंवर' हे नाटक केले, आणि तेथून मराठी रंगभूमीचा इतिहास सुरू झाला, असे मानले जाते. पुढे १८८० साली अण्णासाहेब किर्लोस्करांनी पुण्यात 'शाकुंतल' रंगमंचावर आणले आणि संगीत नाटकांचे वैभवशाली युग अवतरले. रंगविलेले पडदे, जरीची वस्त्रे, रात्र रात्र रंगणारी पदे आणि त्यांवर पडणारे 'वन्स मोअर' यांत मराठी माणूस रमून गेला. हे वैभव खरे होते. परंतु वैभवाची सवय जडली की, माणूस नवा रस्ता धरावयास कचरतो. १९३३ साली 'नाट्यमन्वंतर' या संस्थेने 'आंधळ्यांची शाळा' हे नाटक करून वेगळा रस्ता धरून पाहिला. घरात माणसे बोलतात तसे साधे बोलणे, खऱ्या दिवाणखान्यासारखा दिवाणखाना आणि स्त्रियांच्या भूमिकांत स्त्रियाच, असे त्या नाटकाचे स्वरूप होते. ती संस्था फार काळ टिकली नाही. पण तिने पेरलेले बी वाया गेले नाही.

सुलभाताईंचा जन्म १९३७ साली मुंबई येथे झाला. त्यांचे माहेरचे आडनाव कामेरकर. मुंबईतील दादर भागात छबिलदास नावाची मुलांची एक शाळा आहे. त्या शाळेत सुलभाताई शिक्षिका होत्या. दिवसा फळा आणि खडू, सायंकाळी नाटकाची तालीम, असा त्यांच्या आयुष्याचा क्रम होता. नट व दिग्दर्शक श्री. अरविंद देशपांडे यांच्याशी त्यांचा विवाह झाला, आणि एका घरात दोन नाटकवेडी माणसे एकत्र आली.

१९६० साली विजया मेहता, विजय तेंडुलकर, अरविंद देशपांडे, श्रीराम लागू आदी मंडळींनी 'रंगायन' ही संस्था सुरू केली. 'रंग' आणि 'अयन' या दोन शब्दांपासून हे नाव झाले आहे. 'अयन' म्हणजे मार्ग किंवा गती. सूर्याच्या उत्तरायणातील 'अयन' तेच हे. रंगभूमीस नव्या मार्गाने नेण्याचा संकल्प त्या नावातच होता. या संस्थेने एक नाटक केले, त्याचे नाव 'खुर्च्या'. आयनेस्को या फ्रेंच भाषेत लिहिणाऱ्या नाटककाराचे ते नाटक. त्यात एक वृद्ध जोडपे घरी आलेल्या पाहुण्यांचे स्वागत करते, त्यांना बसावयास खुर्च्या देते. मात्र पाहुणे प्रेक्षकांना दिसतच नाहीत! रंगमंच रिकाम्या खुर्च्यांनी भरत जातो, आणि न दिसणारी माणसे केवळ नटांच्या बोलण्यावागण्यातून उभी राहतात. आजवर पडद्यावर राजवाडा रंगविला जात असे. आता तो प्रेक्षकाच्या मनात उभा करावयाचा होता. अशा संस्थेत सुलभाताई घडल्या.

१९६७ साली त्यांच्या वाट्यास जी भूमिका आली, तिने त्यांचे नाव मराठी रंगभूमीच्या इतिहासात कायमचे कोरले. ते नाटक विजय तेंडुलकरांचे 'शांतता! कोर्ट चालू आहे', आणि दिग्दर्शक होते अरविंद देशपांडे. या नाटकातील सारी घटना एका गावातील सभागृहात घडते. ते सभागृह नीट डोळ्यांसमोर यावे, म्हणून आपण घटकाभर एका खऱ्या गावी जाऊ.

रायगड जिल्ह्याच्या खालापूर तालुक्यात चौक नावाचे गाव आहे. मुंबईहून पुण्याकडे जाणारा जुना हमरस्ता या गावावरून जातो. गावामागे इर्शाळगडाचा सुळका आभाळात घुसलेला दिसतो, आणि पनवेल-कर्जत लोहमार्गावर गावाचे लहानसे स्थानक आहे. अशा एखाद्या गावी मुंबईहून हौशी नाटकवाल्यांची एक मंडळी आली आहे, असे समजा. न्यायालयाचे काम कसे चालते, हे गावकऱ्यांना कळावे, म्हणून रात्री ती एक खोटा खटला करून दाखविणार आहे. सभागृहात चार खुर्च्या, एक मेज आणि कडी लावलेले दार, एवढेच सामान. रात्रीच्या खेळास अवकाश आहे. मंडळीतील एक जण आलेला नाही. त्याच्या जागी सामंत नावाच्या गावच्याच एका साध्याभोळ्या तरुणास उभे करावयाचे ठरते. त्यास काम समजावे, म्हणून वेळ घालविण्यापुरता गमतीचा एक खटला उभा करतात, आणि आरोपी म्हणून आपल्याच मंडळीतील लीला बेणारे या शिक्षिकेस पिंजऱ्यात उभे करतात.

येथवर सारी गंमत असते. बेणारेबाईही हसत असतात. परंतु हळूहळू त्या गमतीस विषारी टोके फुटतात. प्रत्येक जण साक्ष देण्याच्या निमित्ताने तिच्या खाजगी जीवनातील दुःखे चव्हाट्यावर आणू लागतो. ज्यांच्याबरोबर ती प्रवास करून आली, तेच तिचे फिर्यादी, तेच साक्षीदार आणि तेच न्यायाधीश होतात. खेळ खरा होतो, आणि खेळणाऱ्यांना त्याची लाज वाटेनाशी होते. मुलांनो, वर्गात चार जणांनी मिळून एकाची थट्टा चालविली, आणि ती थट्टा केव्हा छळ झाली हे कोणासच कळले नाही, असे तुम्ही पाहिले असेल. तेंडुलकरांनी हेच समाजाच्या मोठ्या आरशात दाखविले.

खटल्याच्या शेवटी न्यायाधीश आरोपीस बोलण्यासाठी दहा सेकंदांचा अवधी देतात. दहा सेकंदांत माणूस काय बोलणार? परंतु येथेच नाटककाराने एक विलक्षण युक्ती योजली आहे. बेणारे बोलू लागते, आणि रंगमंचावरील इतर सर्व माणसे जेथल्या तेथे स्तब्ध होतात. जणू घड्याळ थांबते. त्या थांबलेल्या काळात ती आपले सारे मन मोकळे करते. तिचे बोलणे पुष्कळ वेळ चालते. न्यायालयाच्या लेखी मात्र ते दहाच सेकंद असतात. ती बोलली, की नुसते मनात बोलली? ते कोणी ऐकले की नाही? या प्रश्नांचे उत्तर ज्याचे त्याने शोधावयाचे.

हे भाषण करणे अभिनेत्रीसाठी किती अवघड असेल, याची कल्पना करून पाहा. एरवी नटास समोरच्या नटाचा आधार असतो. एकाने प्रश्न करावा, दुसऱ्याने उत्तर द्यावे. एकाचा स्वर चढला की दुसऱ्याचाही चढतो. येथे समोर पुतळ्यांसारखी स्तब्ध माणसे. गाणे नाही, देखावा नाही, मान डोलावणाराही कोणी नाही. केवळ आवाज, चेहरा आणि मनातील वेदना यांच्या बळावर अभिनेत्रीने शेकडो प्रेक्षकांचे चित्त खिळवून ठेवावयाचे. सुलभाताईंनी ते करून दाखविले. हसरी, खोडकर बेणारे हळूहळू कोमेजत जाते, मग पेटून उठते, आणि अखेर निश्चेष्ट होऊन पडते. हा सारा प्रवास त्यांनी जिवंत केला. नाटकाच्या शेवटी सामंत आपल्याजवळचा हिरव्या कापडाचा पोपट हळूच तिच्याजवळ ठेवून जातो. साऱ्या शहाण्या माणसांत करुणा उरली ती त्या भोळ्या गावकऱ्याच्या ठायी.

हे नाटक पाहून प्रेक्षक अस्वस्थ झाले. काहींना ते रुचले नाही. परंतु नाटक मरगळले नाही; ते अनेक भारतीय भाषांत गेले. १९७१ साली सत्यदेव दुबे यांनी त्यावर मराठी चित्रपट केला, त्यातही बेणारेची भूमिका सुलभाताईंचीच होती.

एवढी कीर्ती मिळाल्यावर एखादीने मोठ्या व्यावसायिक नाटकांचा रस्ता धरला असता, तर त्यात गैर काहीच नव्हते. प्रायोगिक नाटकाने पोट भरत नसे. त्यात काम करणारे बहुतेक कलावंत दिवसा नोकरी करीत आणि सायंकाळी थकलेल्या अंगाने तालमीस येत. एखाद्या नाटकाचे चारदोन प्रयोग होऊन ते बंद पडे. तरीही १९७१ साली अरविंद व सुलभा देशपांडे यांनी अरुण काकडे आदी सहकाऱ्यांसह 'आविष्कार' ही नवी संस्था काढली. गिरीश कर्नाडांचे 'तुघलक' हे भव्य नाटक या संस्थेने आरंभीच मराठीत आणले. पण लवकरच एक रोकडी अडचण समोर उभी राहिली. नवे नाटक करावयाचे कोठे? मोठ्या नाट्यगृहाचे भाडे भरावयाचे, तर तेवढी तिकिटे खपली पाहिजेत. तेवढी तिकिटे खपावयाची, तर लोकांच्या ओळखीचेच नाटक केले पाहिजे. म्हणजे भाड्याच्या ओझ्याखाली प्रयोगाचा जीव गुदमरत होता!

या कोड्याचे उत्तर एका शाळेत सापडले. ज्या छबिलदास शाळेत सुलभाताईंनी शिकविले, तिचे सभागृह १९७४ च्या सुमारास 'आविष्कार'ला नाटकांसाठी मिळाले. ते नाट्यगृह म्हणून बांधलेले नव्हते. मखमली पडदा नाही, गुबगुबीत खुर्च्या नाहीत. दादर स्थानक जवळ असल्याने बाहेर माणसांची सदैव वर्दळ. शाळेच्या गल्लीतील बटाटेवडे मात्र मुंबईभर प्रसिद्ध होते! परंतु भाडे परवडणारे होते, आणि नट व प्रेक्षक यांच्यात हाताच्या अंतराएवढीच जागा होती. या सभागृहाचे वैशिष्ट्य असे की, 'आविष्कार'ने ते केवळ आपल्यापुरते ठेवले नाही. इतर संस्थांनाही त्याचे दार उघडे होते. निरनिराळे लेखक आणि दिग्दर्शक तेथे आपली नवी नाटके घेऊन येत. बादल सरकार या बंगाली नाटककाराचे 'जुलूस' अमोल पालेकरांनी मराठीत केले, तेव्हा नट प्रेक्षकांच्या मधूनच वावरू लागले. रंगमंच कोठे संपतो आणि प्रेक्षागृह कोठे सुरू होते, हे सांगता येईना. काही प्रयोग फसले, काही गाजले. परंतु फसण्याची मुभा असल्यावाचून नवे काही सापडत नाही, हे त्या मंडळींस ठाऊक होते. जवळजवळ दीड तप हे सभागृह प्रायोगिक नाटकांचे माहेरघर होते. म्हणूनच या साऱ्या उद्योगास लोक 'छबिलदास चळवळ' म्हणू लागले.

याच काळात जगात अन्यत्रही असाच विचार चालू होता. पोलंड देशातील दिग्दर्शक ग्रोटोव्हस्की यांनी 'गरीब रंगभूमी'ची कल्पना मांडली. वेष, देखावे, दिवे यांची श्रीमंती एकेक करून काढून टाका. शेवटी काय उरते? नट आणि प्रेक्षक! हे दोघे असले, म्हणजे नाटक होऊ शकते, असे त्यांचे म्हणणे. इंग्लंडमधील दिग्दर्शक पीटर ब्रुक यांनी १९६८ साली 'रिकामी जागा' या अर्थाच्या नावाचे पुस्तक लिहून कोणतीही मोकळी जागा रंगमंच होऊ शकते, असे प्रतिपादन केले. वारकऱ्यांचे रिंगण आणि पारावरचे भारूड पाहणाऱ्या महाराष्ट्रास ही गोष्ट अगदीच नवी नव्हती. पण शहरातील रंगभूमी ती विसरली होती.

सुलभाताई मुळात शिक्षिका. मुलांना विसरून त्यांचे नाटक पुरे होणे शक्य नव्हते. 'आविष्कार'मध्ये त्यांनी मुलांसाठी 'चंद्रशाला' हा विभाग चालविला. 'चंद्रशाला' म्हणजे घराच्या माथ्यावरील, जेथे चांदणे थेट येते, अशी खोली. किती सुंदर नाव! तेथे मुलांनी राजाराणीचे पाठ केलेले संवाद घोकावेत, एवढाच हेतू नव्हता. आपले शरीर, आपला आवाज, आपली कल्पना यांची मुलांस ओळख व्हावी, आणि चारचौघांत मिळून काम करण्याची गोडी लागावी, हा खरा उद्देश होता. 'दुर्गा झाली गौरी' हे चंद्रशालेचे नृत्यनाट्य फार लोकप्रिय झाले. त्यात एकाच वेळी साठसत्तर मुले रंगमंचावर येत. कोणी मोठा नट आणि कोणी किरकोळ, असा भेद तेथे नसे; गर्दीतल्या शेवटच्या मुलाचे पाऊल चुकले, तरी साऱ्यांचा ताल चुके. पहिल्या मुलांची जागा पुढे नव्या मुलांनी घेतली, आणि ते नाटक वर्षानुवर्षे चालत राहिले. मुलांसाठी सुलभाताईंनी 'राजा रानी को चाहिए पसीना' हा हिंदी चित्रपटही दिग्दर्शित केला.

मराठी व हिंदी चित्रपटांत त्यांनी पुष्कळ कामे केली. १९७७ सालचा 'भूमिका', १९९१ सालचा 'चौकट राजा' आणि २०१२ सालचा 'इंग्लिश विंग्लिश' हे त्यांपैकी काही. परंतु पडद्यावरच्या कीर्तीने नाटकाच्या रिकाम्या जागेची ओढ कमी झाली नाही. १९८७ सालाने त्यांस दुःख आणि गौरव ही दोन्ही एकदमच दिली. त्या वर्षाच्या आरंभी अरविंद देशपांडे यांचे निधन झाले, आणि त्याच वर्षी अभिनयासाठी संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार सुलभाताईंना लाभला. घर आणि तालीम या दोहोंतील सोबती गेला, म्हणून त्यांनी तालीम थांबविली नाही. पुढे छबिलदासचे सभागृह सुटले, तेव्हा 'आविष्कार'ने माहीम येथील महानगरपालिकेच्या एका शाळेत आपले बिऱ्हाड हलविले. पुन्हा शाळाच! दिनांक ४ जून २०१६ रोजी मुंबई येथे सुलभाताईंचे निधन झाले.

त्यांच्या कार्याचे मोल कसे करावे? किती तिकिटे खपली, या मापाने ते मोजता येणार नाही. एका अभिनेत्रीने स्वतःस मोठा रंगमंच मिळविला असता, तर तो तिच्याबरोबर रिता झाला असता. सुलभाताई व त्यांच्या सोबत्यांनी इतरांसाठी जागा मोकळी करून दिली. तेथे अपरिचित लेखकास उभे राहता आले, नवख्या नटास चुकता आले, आणि लहान मुलास आपला आवाज ऐकता आला. बेणारेला कोर्टाने दहा सेकंद दिले होते. ज्याचे म्हणणे कोणी ऐकत नाही, त्यास बोलण्यास वेळ आणि जागा देणे, हे रंगभूमीचे एक श्रेष्ठ कार्य आहे. सुलभाताईंनी ते रंगमंचावर केले आणि रंगमंचाबाहेरही केले.

नाटकास फार सामान लागत नाही, हे आता तुमच्या ध्यानात आलेच असेल. चौकसारख्या गावातील शाळेची पडवी असो, की शहरातील वर्गाची एक बाजू असो, चार हात जागा, बोलावयाची खरी गोष्ट आणि ऐकणारी माणसे असली म्हणजे पुरे. मग फळ काय निघेल याची फार चिंता न करता ते करून पाहावे. प्रयोग म्हणतात तो यालाच.

अभ्यास

१. 'प्रयोग' या शब्दाचे दोन अर्थ कोणते? त्यांतील साम्य व भेद लेखकाने कसा सांगितला आहे?
२. 'शांतता! कोर्ट चालू आहे' या नाटकात गमतीचा खटला खरा कसा होतो?
३. बेणारेचे शेवटचे भाषण अभिनेत्रीच्या दृष्टीने अवघड का आहे?
४. मोठ्या नाट्यगृहाच्या भाड्यामुळे नव्या नाटकांपुढे कोणती अडचण उभी राहत असे? ती कशी सुटली?
५. 'रंगायन' आणि 'चंद्रशाला' या नावांचे अर्थ सांगा. त्या नावांतून संस्थांचा हेतू कसा व्यक्त होतो?
६. पुढील वाक्प्रचारांचा स्वतःच्या वाक्यांत उपयोग करा : चव्हाट्यावर आणणे, चित्त खिळवून ठेवणे, बिऱ्हाड हलविणे.
७. पडदा, वेष व सामान यांवाचून पाच मिनिटांचा एक प्रवेश वर्गात करून पाहा. न दिसणारी एक वस्तू प्रेक्षकांना 'दिसली' काय, हे त्यांनाच विचारा.